तिसरा आग्रह

सर ताटलीवर हात आडवा धरायचे. अगदी घट्ट नाही. बोटं थोडी फाकवून, म्हणजे वाढणाऱ्याने मनावर घेतलंच तर पदार्थ आत जायला वाट राहावी. तोंडाने "नको, नको, मला खरंच नको," आणि नजर मात्र ट्रेमधल्या शेवटच्या करी पफवर. तुमच्या ओळखीत असा एक तरी माणूस असेल. नसेल तर आरशात पाहा.

आपल्याकडे हे सगळ्यांना कळतं. पहिल्या 'नको'ला काही अर्थ नसतो, दुसऱ्याला थोडासा असतो, आणि तिसऱ्यांदा आग्रह झाला की माणूस "बरं, तुम्ही एवढं म्हणताय म्हणून" असं म्हणत हात बाजूला घेतो. सिंगापुरात मीटिंगमध्ये हे करी पफ, म्हणजे बटाटा भरलेल्या तिखट करंज्या, एकदाच फिरतात. नको म्हटलं की ट्रे पुढे जातो आणि शेजारचा दोन उचलतो. सरांनी इथे अर्धं आयुष्य काढलं आणि बहुतेक मीटिंगांमधून ते उपाशी परत आले.

मी त्यांच्या ऑफिसात मॅनेजर होते. अजून आहे. एका विद्यापीठाच्या ऑनर्स कॉलेजात माझी नोकरी. क्लेमेंटी भागातल्या माझ्या फ्लॅटमधून बसने दहा-पंधरा मिनिटांवर. ऑनर्स कॉलेज म्हणजे काय असतं, असं सासूबाईंनी विचारलं तेव्हा मी त्यांना सांगितलं, की हुशार मुलांमधली आणखी हुशार मुलं वेगळी काढायची, त्यांना जास्तीचं काम द्यायचं आणि त्याला मान म्हणायचं. त्या म्हणाल्या, "म्हणजे घरच्या मोठ्या सुनेसारखं." याहून चांगली व्याख्या मला आमच्या ब्रोशरमध्येही सापडलेली नाही.

सर मूळचे मिरजेचे, गणिताचे प्राध्यापक. आमचे आधीचे डीन एका सोमवारी 'नव्या क्षितिजांच्या शोधात' निघून गेले. क्षितिज म्हणजे जास्त पगार देणारं दुसरं विद्यापीठ. मग सरांना अॅक्टिंग डीन नेमलं, एकदोन महिन्यांपुरतं. ते एकदोन महिने पुढे दोन वर्षं चालले. अॅक्टिंग डीन म्हणजे ज्याच्याकडे डीनची सगळी कामं असतात आणि डीनची पार्किंगची जागा नसते.

गुरुवारी दुपारी सर एक वर्ग घेत. त्या वर्गाला मार्क नव्हते, परीक्षा नव्हती, हजेरीही नव्हती. मुलांनी फक्त एक प्रश्न आणायचा, ज्याचं उत्तर त्यांना खरोखर माहीत नाही असा. ज्या शहरात मूल बालवाडीपासून शिकवणीला जातं, तिथे बिनमार्कांच्या वर्गाला कोण कुत्रं येणार, असं सगळ्यांनी सरांना सभ्य इंग्रजीत सांगून पाहिलं. पहिल्या गुरुवारी चार मुलं आली, तीही खोलीतला एसी चांगला होता म्हणून. पुढे मोठी खोली घ्यावी लागली.

एकदा मी या नव्या खोलीतल्या एसीची तक्रार ऐकायला दारात उभी होते, तेव्हा एका मुलीने विचारलं, "प्रोफ, मला काय हवंय ते मला कसं कळणार? मॉम नोज लाह, आय डोन्ट." वर्ग हसला. सरांनी चष्मा काढला, बराच वेळ पुसला आणि म्हणाले, "चांगला प्रश्न आहे. मला कळलं की तुला सांगतो." वर्ग पुन्हा हसला. सर गंमत करत होते असं सगळ्यांना वाटलं.

खरं तर सरांना काय हवंय ते सरांना पक्कं माहीत होतं. त्यांना डीन व्हायचं होतं. निवृत्ती वर्षभरावर आली होती. डीन झाले असते तर आणखी पाच वर्षं मिळाली असती आणि गुरुवारचा वर्ग टिकला असता. झाले नसते तर बिशान भागातलं घर आवरून परत मिरज. सरांना खुर्चीचा मोह नव्हता असं मी म्हणणार नाही. थोडा होता. दारावरच्या पाटीतल्या 'अॅक्टिंग' या शब्दावर अंगठा ठेवून उरलेला मजकूर कसा दिसतो ते पाहताना मी त्यांना एकदा पकडलं होतं. "पुसत होतो," म्हणाले.

मग एके दिवशी विद्यापीठाला जाग आली आणि नव्या डीनचा शोध सुरू झाला. साधा शोध नव्हे, जागतिक शोध. त्यासाठी माणसं हुडकून देणारी परदेशी कंपनी नेमली. कॉलेजला नेमकं कोण हवंय हे कॉलेजलाच विचारण्यासाठी एक कार्यशाळा झाली. सगळ्यांना रंगीत चिकटचिठ्ठ्या वाटल्या आणि डीनमध्ये कोणते गुण हवेत ते लिहून भिंतीवर डकवायला सांगितलं. तासाभरात भिंतीवर जो माणूस उभा राहिला तो द्रष्टा होता, नम्र होता, धाडसी होता, सावध होता, जगभर त्याला मागणी होती आणि तो रोज ऑफिसात सापडत होता. एका विद्यार्थ्याने लिहिलं होतं, 'कार्यक्रमांना जेवण बरं ठेवा.' ती एकच चिठ्ठी अंमलात आणण्यासारखी होती, म्हणून ती 'इतर' या गटात गेली.

निवड समितीच्या अध्यक्षा आमच्याच विद्यापीठातल्या एक ज्येष्ठ प्राध्यापिका होत्या. जन्म इथला, शिक्षण इथलं. चोख बाई. वेळेच्या आधी येत, दिलेला शब्द पाळत, कुणाबद्दल वाकडं बोलत नसत. त्यांच्याबद्दल माझी काही तक्रार नाही, आणि नेमकी हीच माझी अडचण आहे. कुणीतरी पाजी असता तर ही हकीकत सांगायला सोपी गेली असती.

मॅडम सरांच्या केबिनमध्ये आल्या. केबिनला काचेची भिंत असल्यामुळे आमच्याकडे गुप्त असं काही होत नाही. त्यांनी सरळ विचारलं, "तुमचं नाव विचारात घ्यायचं का?"

मिरजेच्या माणसाने जे म्हणायचं तेच सर म्हणाले. इंग्रजीत म्हणाले, एवढंच. "छे, छे. माझ्यापेक्षा कितीतरी लायक लोक आहेत. एखादा तरुण माणूस बघा."

मॅडमनी मान डोलावली. "तुमच्या स्पष्टपणाबद्दल मनापासून आभार," म्हणाल्या, टॅबलेटवर एक टिचकी मारली आणि पुढच्या मीटिंगला गेल्या.

सर गुणगुणत माझ्या टेबलाशी आले. "विचारून गेल्या."

"मग?"

"मग काय? नको म्हटलं."

"सर, का?"

"अहो मॅनेजरबाई, पहिल्या फटक्यात कुणी हो म्हणतं का? काय वाटेल त्यांना, हपापलाय नुसता. येतील परत."

"सर, त्या मिरजेच्या नाहीत."

"माणूस इथूनतिथून सारखाच असतो हो," सर म्हणाले आणि गुणगुणत गेले.

माणूस इथूनतिथून सारखा असेलही, टॅबलेट नसतो. पुढच्या आठवड्यात सगळ्यांना ईमेल आली. अॅक्टिंग डीन या पदासाठी इच्छुक नाहीत, त्यांच्या निःस्वार्थ वृत्तीची समिती नोंद घेते, आणि बाहेरून येणाऱ्या उमेदवारांचं आदरातिथ्य करायला त्यांनी संमती दिली आहे. ही संमती त्यांनी कधी दिली ते त्यांनाही ठाऊक नव्हतं. बहुधा त्यालाही ते 'नको' म्हणाले असतील आणि ते 'नको' मात्र कुणी ऐकलं नसेल.

त्या शनिवारी मी बिशानला त्यांच्या घरी गेले. वहिनींनी थालीपिठं केली होती. मी विषय काढला तशी वहिनींनी उलथनं खाली ठेवलं. "आमचं लग्न ठरलं तेव्हाची गोष्ट सांगू? मुलगी पसंत आहे का विचारलं, तर हे म्हणाले, एवढी घाई काय आहे. माझ्या वडिलांनी दुसरं स्थळ बघायला घेतलं होतं. यांची आई दुसऱ्या दिवशी परत आली म्हणून मी आज इथे आहे." मग सरांकडे बघून म्हणाल्या, "त्या समितीत तुमची आई नाहीये."

सर म्हणाले, "पान मांडलेलं आहे, वाढपी येईलच की. आपण होऊन पान पुढे करणं बरं दिसत नाही."

त्यांची लेक सोफ्यावर फोन बघत बसली होती. इथेच वाढलेली, नोकरी करणारी मुलगी. मान वर न करता इथल्या इंग्रजीत म्हणाली, "पा, यू वॉन्ट, यू से. सो डिफिकल्ट मेह?"

"बघा," सर मला म्हणाले, "हिला चार गोष्टी शिकवायच्या राहूनच गेल्या." तेवढ्यात वहिनींनी त्यांच्या ताटात तिसरं थालीपीठ टाकलं. ते "नको, नको" म्हणत होते. वहिनींनी ऐकलंही नाही आणि सरांनी थालीपीठ सोडलंही नाही. त्या घरात सगळं किती सुरळीत चाललं होतं ते बघून मला वाईट वाटलं.

सोमवारी मी पदर खोचला आणि मॅडमची वेळ घेतली. आमच्याकडे 'नको' कसं चालतं ते त्यांना समजावून सांगितलं. जेवणाचं उदाहरण दिलं. त्या शांतपणे ऐकत होत्या, आणि मला वाटलं, जमलं.

"म्हणजे ते नाही म्हणाले, याचा अर्थ हो आहे?"

"पहिल्यांदा म्हणाले ना, म्हणून."

"मग त्यांचं 'नाही' हे खरंखुरं 'नाही' कधी असतं?"

"साधारण चौथ्यांदा. पण ते मोजायचं नसतं, मॅडम. ते कळतं."

मॅडमनी चष्म्यावरून माझ्याकडे पाहिलं. त्यांच्या नजरेत राग नव्हता, काळजी होती. "आपण सगळ्यांनी नुकताच तो ऑनलाइन कोर्स केला," त्या म्हणाल्या. "नो मीन्स नो. समोरच्याने नकार दिला की पुन्हा विचारायचं नाही. शेवटी परीक्षासुद्धा होती."

होती खरी. मला त्यात पैकीच्या पैकी मिळाले होते.

मग उमेदवार येऊ लागले. सर त्यांना आणायला हॉटेलवर जात, कॉलेज दाखवत, कॅन्टीनमध्ये जेवू घालत. पहिले गृहस्थ फार मोठे होते. इतके मोठे, की भाषणात त्यांनी दोनदा आमच्या कॉलेजच्या जागी दुसऱ्याच देशातल्या कॉलेजचं नाव घेतलं आणि आम्ही टाळ्या वाजवल्या. दुसरा चाळिशीचा, पांढरे बूट घालणारा, हसतमुख. त्याने जेवताना सरांना विचारलं, "इथल्या मुलांना खरं काय हवं असतं?" विचारणाऱ्याला उपाशी पाठवायचं हे सरांच्या रक्तात नाही. त्यांनी त्याला दोन वर्षांत पाहिलेलं सगळं सांगितलं. पहिल्या सेमिस्टरला मुलं रडतात ते कुठे, आईबापांना काय लिहावं आणि काय लिहू नये, आणि गुरुवारचा वर्ग कसा चालतो. दुसऱ्या दिवशी ते सगळं पडद्यावर आलं. स्लाइडवर मोठ्या अक्षरांत 'माझी दृष्टी'.

सर पुढच्या रांगेत बसले होते. त्यांनी मनापासून टाळ्या वाजवल्या. बाहेर आल्यावर मी म्हटलं, "सर, हे सगळं तुमचं होतं."

"म्हणजे बरोबरच होतं की," सर म्हणाले आणि खूश झाले.

समितीने मोठ्या गृहस्थांची निवड केली. त्यांनी आनंदाने होकार कळवला, ते पत्र आपल्या जुन्या विद्यापीठाला दाखवलं, तिथे पगार वाढवून घेतला आणि तिथेच राहिले. समितीची अवस्था मांडवातून नवरदेव पळाल्यासारखी झाली. आणि एका दुपारी मॅडम पुन्हा आमच्या ऑफिसच्या दारात उभ्या राहिल्या.

त्या स्वतःहून परत आल्या होत्या. कोर्सबिर्स बाजूला ठेवून आल्या होत्या. माझ्या टेबलावरून जाताना त्यांनी मला हलकेच खूण केली, म्हणजे त्या सोमवारी मी जे बोलले ते वाया गेलं नव्हतं. मी कॉफीचं निमित्त करून मागोमाग आत गेले. अशा वेळी कुणी काचेच्या बाहेर थांबतं का?

"परिस्थिती बदलली आहे," मॅडम म्हणाल्या. "मी पुन्हा विचारते आहे. तुम्ही या पदाचा विचार कराल का? मला व्यक्तिशः आनंद होईल."

सरांचा चेहरा उजळला. कान लाल झाले. मी मनात म्हटलं, झालं, मिटलं.

"तुम्ही परत आलात, हेच माझ्यासाठी खूप आहे," सर म्हणाले. "पण खरंच सांगतो, माझं आता वय झालं. तुम्हाला दुसरं कुणीतरी चांगलं मिळेल."

माझ्या हातातली कॉफी बशीत सांडली. मॅडमना मराठी येत नव्हतं, तेवढा एकच फायदा होता. "सर, हो म्हणा," मी म्हटलं. "आत्ताच्या आत्ता हो म्हणा."

सरांनी माझ्याकडे बघून स्मित केलं. लहान मुलाने पंगतीत घाई केली की मोठी माणसं करतात तसं. "अहो, थांबा जरा," ते हळूच म्हणाले. "आणखी एकदा म्हणू दे त्यांना."

मॅडम दोघांकडे आळीपाळीने बघत होत्या. मग त्या उठल्या. "मी दोनदा विचारलं," त्या म्हणाल्या, अगदी मऊ आवाजात. "तिसऱ्यांदा विचारलं तर तो दबाव होईल. तुमच्या निर्णयाचा मला आदर आहे." त्यांनी सरांचा हात हातात घेतला, थोडा जास्त वेळ धरला आणि गेल्या.

सर दाराकडे बघत राहिले. काचेतून मॅडम लिफ्टशी उभ्या असलेल्या दिसत होत्या. लिफ्ट आली, उघडली, मिटली.

"येतील का हो परत?" सरांनी विचारलं.

मला रडू येत होतं आणि सरांचा इतका राग आला होता की हातातली उरलेली कॉफी त्यांच्या डोक्यावर ओतावंसं वाटत होतं. "नाही, सर," मी म्हटलं. "आता नाही येणार."

"अच्छा," सर म्हणाले. मग कपाळावर हात ठेवून बसले. त्यांना असं बसलेलं मी त्याआधी पाहिलं नव्हतं.

डीन झाला तो पांढऱ्या बुटांचा. वाईट माणूस नाही. सगळ्यांना पहिल्या नावाने हाक मारतो, माझ्या वाढदिवसाला त्याच्याकडून आपोआप ईमेल येते. गुरुवारचा वर्ग त्याला फार आवडला, म्हणून त्याने तो सुधारला. आता चांगला प्रश्न कशाला म्हणायचं त्याचे निकष आहेत आणि प्रश्नाला पाचपैकी मार्क मिळतात. मुलं लगेच सरावली. ज्यांची उत्तरं आधीच माहीत आहेत असे उत्तम प्रश्न ती घरून तयार करून आणतात. सर शेवटचे काही गुरुवार मागच्या बाकावर येऊन बसत. एका मुलाला साडेचार मार्क पडले तेव्हा सर म्हणाले, "उरलेला अर्धा कुठे गेला, हा प्रश्न मला पडलाय." त्यांना कुणी मार्क दिले नाहीत.

मग सरांचा निरोपसमारंभ झाला. केक, कॉलेजचं चिन्ह असलेला मग आणि एक फ्रेम. मॅडम आवर्जून आल्या होत्या आणि कोपऱ्यात उभ्या होत्या. डीनने छान भाषण केलं. सरांच्या निःस्वार्थ वृत्तीचा दोनदा उल्लेख झाला. शेवटी सरांच्या खांद्यावर हात ठेवून तो म्हणाला, "हे दार तुम्हाला नेहमी उघडं आहे. कधीतरी येऊन आमच्या मुलांचा एखादा वर्ग घ्यायलाच हवा तुम्ही."

अशी वाक्यं निरोपसमारंभात म्हणतातच. त्यावर पाहुण्याने हसायचं, "शुअर, शुअर" म्हणायचं आणि केककडे वळायचं.

"हो," सर म्हणाले. वाक्य पुरतं संपायच्या आत म्हणाले. "कधी?"

डीन हसला. त्याला वाटलं, सर गंमत करताहेत. सर हसले नाहीत.

"मी येईन. तिकिटाचं माझं मी बघतो. कुठल्या आठवड्यात येऊ?"

मॅडम खाली बघू लागल्या. डीनने माझ्याकडे पाहिलं. ज्याच्याकडे कॅलेंडर असतं त्याच्याकडे माणसं अशा वेळी बघतात. कॅलेंडरमध्ये असं काहीही नव्हतं.

"सेमिस्टरच्या मधली रिसेसची सुट्टी संपल्यावरच्या गुरुवारी," मी म्हटलं.

"दुपारी?"

"दुपारी, सर."

"येतो," सर म्हणाले. दोन आठवड्यांनी ते आणि वहिनी मिरजेला गेले.

मी डीनला आठवण करून दिली. त्याने लिहिलं, कल्पना फारच आवडली, या सेमिस्टरला जरा गर्दी आहे, पुढच्याला नक्की बघू. पुढच्या सेमिस्टरला मी पुन्हा आठवण करून दिली. त्याला ती कल्पना पुन्हा तितकीच आवडली.

दर सेमिस्टरला रिसेसची सुट्टी जवळ आली की मिरजेहून फोन येतो. इकडची तिकडची चौकशी होते, आणि मग सर विचारतात, "मॅनेजरबाई, मग तिकीट काढू का?"

"एवढ्यात नको, सर," मी म्हणते.

आणि फोन कानाला लावून मी थांबते. ते आणखी एकदा विचारतील, हट्ट धरतील, मग मीही डीनच्या केबिनमध्ये जाऊन भांडेन, असं दर वेळी ठरवलेलं असतं. सर म्हणतात, "बरं, बरं." आणि वहिनींकडे फोन देतात.